काटकोन त्रिकोणातील अज्ञात बाजू

काटकोन त्रिकोणाची अज्ञात बाजू काढायला इतर दोन बाजू ठाऊक असायलाच हव्यात, हा समज अपुरा आहे. एक बाजू आणि तिच्या जोडीला दुसरी एखादी स्वतंत्र माहिती पुरते. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (११५०) ३२ हात उंच वेळू वाऱ्याने मोडून त्याचा शेंडा बुंध्यापासून १६ हातांवर टेकतो. भुज (जमिनीवरचे अंतर) १६, कोटी (उभा उरलेला भाग) व कर्ण (मोडलेला भाग) यांची फक्त बेरीज ३२. भुजाचा वर्ग २५६ ला ३२ ने भागल्यास कर्ण व कोटी यांतील फरक ८ येतो. म्हणून कर्ण २०, कोटी १२. कोन दिल्यास त्रिकोणमिती लागते, हा आक्षेप रास्त आहे. पण कोन हीसुद्धा दुसरी माहितीच होय. उलट, तिन्ही बाजू ठाऊक असल्यास कोन तपासता येतो: जाफराबादेत (जि. जालना) पाया आखताना कोपऱ्यापासून दोन बाजूंवर ३ आणि ४ फुटांवरच्या खुणांमध्ये दोरी बरोबर ५ फूट भरली, तर कोपरा काटकोनात आहे; हा पायथागोरसच्या प्रमेयाचा व्यत्यास.