काळ्या पट्ट्याचा शोध

सरकारी कचेरीत माणसापेक्षा त्याच्या सहीला अधिक मान असतो, हे परप्रांतात कागदांच्या संगतीत दिवस काढणाऱ्या वाचकांना निराळे सांगावयास नको. काही वर्षांपूर्वी माझ्या टेबलावर एका निवृत्त गृहस्थांचा अर्ज आला. ते पूर्वी आमच्याच कचेरीत होते. आम्ही मराठी मंडळी त्यांना अण्णा म्हणत असू. त्यांची सही एके काळी मोठी झोकदार असे. अर्जावरील सही मात्र मुंग्यांच्या रांगेसारखी बारीक आणि शेवटच्या अक्षरापर्यंत जाता जाता अधिकच आकसलेली होती. नमुन्याच्या सहीशी ती जुळेना, म्हणून नियमाप्रमाणे मी अर्ज परत पाठविला. आठ दिवसांनी अण्णा मुलाचा हात धरून स्वतः आले. त्यांच्या चेहऱ्यावर ना राग होता, ना ओळखीचे हसू. निवृत्तीनंतर मनुष्य इतका कोरडा होतो काय, असे माझ्या मनात आले. तो कोरडेपणा नसून कंपवात होता, हे त्यांच्या मुलाने सांगितले तेव्हा कळले. पुढे या रोगाचा इतिहास वाचू लागलो आणि ध्यानात आले की, निश्चल देह पाहून आतला माणूसही मावळला असे समजण्याची चूक पुष्कळांनी केलेली आहे.

मेंदूचा मोठा गोळा आणि पाठीचा कणा यांना जोडणाऱ्या देठाच्या वरच्या टोकाशी मध्यमस्तिष्क आहे. त्याची लांबी जेमतेम दोन सेंटिमीटर. पण डोळे फिरविणे, पापणी उचलणे, जागे राहणे आणि हालचालीस आरंभ करणे या साऱ्यांचे धागे तेथून जातात. मेंदूकडून हातापायांकडे जाणाऱ्या आज्ञा येथून उतरतात आणि खाली गेल्यावर बाजू बदलतात. म्हणून मध्यमस्तिष्काच्या एका अंगास इजा झाली, तर त्या बाजूची पापणी मिटते आणि विरुद्ध बाजूचे हातपाय लुळे पडतात. हरमान वेबर या वैद्याने असा रोगी लंडनमध्ये 1863 साली वर्णिला. याच भागात पेशींचा एक काळसर पट्टा आहे. त्यास वैद्यकात ‘सबस्टॅन्शिया नायग्रा’, म्हणजे काळे द्रव्य, म्हणतात. आपली कथा या पट्ट्याची आहे.

तिचा प्रारंभ लंडनच्या रस्त्यावर होतो. जेम्स पार्किन्सन या वैद्याने 1817 साली कंपवातावर एक छोटासा निबंध प्रसिद्ध केला. त्यात अवघे सहा रोगी होते, आणि त्यांतील काही तर त्याने केवळ रस्त्यात चालताना पाहिलेले! पुढे झुकलेला देह, थरथरणारा हात, आणि चालता चालता धावू लागण्याची ओढ, हे सारे त्याने नुसत्या नजरेने टिपले. रोगाचे मूळ मानेतील मज्जारज्जूत असावे, हा त्याचा तर्क चुकला. परंतु या रोगात इंद्रिये व बुद्धी शाबूत राहतात, असे त्याने आवर्जून लिहिले. दीर्घ काळ लोटल्यावर काहींच्या बुद्धीवरही परिणाम होतो, हे आज ठाऊक आहे. तथापि थिजलेल्या देहात विचार करणारा माणूस असतो, हे त्याने पुरेसे स्पष्ट केले होते.

मूळ कोठे, याचा पहिला धागा पॅरिसमध्ये सापडला. शार्को या विख्यात वैद्याच्या रुग्णालयातील अडतीस वर्षांच्या एका क्षयरोग्याच्या डाव्या अंगात कंपवाताची सारी लक्षणे होती. मृत्यूनंतर त्याच्या मध्यमस्तिष्काच्या उजव्या अंगात सुपारीएवढी क्षयाची गाठ आढळली. तिने काळा पट्टा नासून टाकला होता. ब्लॉक आणि मारिनेस्को यांनी हे 1893 साली प्रसिद्ध केले, आणि 1895 साली ब्रिसो याने कंपवाताचे मूळ या पट्ट्यात असावे असे सुचविले. परंतु एका रोग्यावरून सिद्धांत कसा मानावा? कोणी फारसे लक्ष दिले नाही.

त्यानंतर पहिल्या महायुद्धाच्या धामधुमीत युरोपात एक विलक्षण साथ उद्भवली. माणसे जेवता जेवता, काम करता करता झोपी जात. काहींना उलट मुळीच झोप येत नसे; कित्येकांचे डोळे फिरेनासे होत. व्हिएन्ना येथे कॉन्स्टँटिन फॉन इकोनोमो याने 1917 साली या ‘निद्राज्वरा’चे वर्णन केले. झोपाळू रोग्यांच्या मध्यमस्तिष्काच्या वरच्या भागी व त्यालगत दाह झालेला त्यास आढळला, आणि जागेपणा हीदेखील मेंदूच्या एका ठिकाणाची कामगिरी आहे असे त्याने दाखविले. साथ दहाएक वर्षांत ओसरली. तिचे कारण अद्यापि निश्चित झालेले नाही. जे वाचले त्यांतील अनेकांना पुढे कंपवात जडला. तरुण माणसे पुतळ्यासारखी थिजून गेली. पॅरिसमध्येच 1919 साली ट्रेटियाकॉफ याने अशा तसेच नेहमीच्या कंपवाताच्या रोग्यांचे मेंदू तपासले, आणि दोहोंतही तोच काळा पट्टा झिजलेला आढळला. ब्रिसोचा तर्क खरा ठरला.

ठिकाण सापडले, पण उपाय सापडेना. आणि येथे कथेचा धागा अनपेक्षितपणे आपल्या देशाकडे वळतो. सर्पगंधा ही आपल्याकडील जुनी औषधी. मुंबईचे डॉ. रुस्तम जाल वकील यांनी रक्तदाबावरील तिचा गुण 1949 साली एका ब्रिटिश नियतकालिकातून जगापुढे मांडला. 1952 साली स्वित्झर्लंडमध्ये तिच्यातून ‘रेसर्पिन’ हे द्रव्य वेगळे काढण्यात आले. ते घेणाऱ्या काही रोग्यांत कंपवाताची लक्षणे दिसू लागली. स्वीडनच्या आर्विड कार्लसन याने 1957 साली रेसर्पिन देऊन ससे निश्चल केले, आणि मग त्यांना ‘डोपा’ हे द्रव्य टोचले. ससे पुन्हा हिंडूफिरू लागले! शरीरात डोपापासून डोपामिन बनते, आणि त्याच्या अभावी हालचाल थांबते, असा याचा अर्थ होता. 1960 साली व्हिएन्नातच एहरिंगर आणि होर्निकिएविच यांनी मृत कंपवातग्रस्तांच्या मेंदूत डोपामिनची मोठी तूट दाखविली. काळ्या पट्ट्यातील पेशी हेच द्रव्य मेंदूच्या वरच्या केंद्रांस पुरवितात. गंमत अशी की, हाच डोपा आपल्या रानोमाळ वाढणाऱ्या, अंगास लागताच खाज सुटणाऱ्या खाजकुइलीच्या बियांत भरपूर असतो. दामोदरन आणि रामस्वामी यांनी तो मद्रास येथे 1937 सालीच वेगळा केला होता; परंतु त्याचा उपयोग तेव्हा कोणास ठाऊक असणार?

पुढे 1967 साली अमेरिकेत कोट्झियस याने तोंडाने मोठ्या मात्रेत डोपा देण्याची रीत बसविली. दोन वर्षांनी न्यूयॉर्कच्या एका रुग्णालयात ऑलिव्हर सॅक्स याने ते निद्राज्वराच्या जुन्या रोग्यांना दिले. दशकानुदशके मूर्तिवत बसलेली माणसे उठली, बोलली, चालली. आपल्याभोवती काय घडत होते ते त्यांतील कित्येकांना ठाऊक होते. नव्हती ती केवळ उत्तर देण्याची शक्ती. दुर्दैवाने पुष्कळांच्या बाबतीत हा उत्कर्ष टिकला नाही. अंगास आचके येऊ लागले, मन भ्रमले. आजही डोपा कंपवाताचे मुख्य औषध आहे. पण ते लक्षणे हलकी करते, पेशींची झीज थांबवीत नाही.

हा इतिहास वाचून झाल्यावर मी अण्णांकडे गेलो. बोलणे पुटपुटल्यासारखे, चेहरा तसाच निर्विकार. मी त्या परत पाठविलेल्या अर्जाबद्दल क्षमा मागितली. बराच वेळ ते काही बोलले नाहीत. मी निघण्याच्या बेतात असता हळूहळू शब्द आले, “नियमाप्रमाणेच केलेस. मीही परतच केला असता.” चेहऱ्यावर हसू नव्हते, पण ते हसत होते, याविषयी मला शंका राहिली नाही.

आता आकसत गेलेली सही टेबलावर आली, म्हणजे शेरा मारण्यापूर्वी मी त्या पेन्शनरांच्या घरी फोन लावतो. सही जुळत नसली तर साक्षांकित अंगठ्याचीही सोय असते. जेम्स पार्किन्सनने रस्त्यावरच्या अनोळखी माणसांकडे जितके निरखून पाहिले, तितके आपण टेबलापलीकडच्या माणसाकडे पाहण्यास कोणत्याही नियमाची आडकाठी नाही.