बेलीगारदच्या आतले शिपाई

लखनऊला आलेले मराठी पाहुणे इमामबाडा बघतात, कबाब खातात आणि वेळ उरला तर रेसिडेन्सीत येतात. इथले जुने लोक तिला बेलीगारद म्हणतात. भिंतींवर तोफगोळ्यांच्या खुणा अजून आहेत. ३० जून १८५७ रोजी इंग्रज चिनहटची लढाई हरले आणि वेढा पडला. २५ सप्टेंबरला हॅवलॉक आणि आउट्रम आत पोचले, पण तेही अडकले. सुटका झाली नोव्हेंबरात.

निवृत्तीनंतर मी इथेच राहिलो. पाहुण्यांना मी विचारतो, आत कोण लढत होतं? सगळे म्हणतात, इंग्रज. खरं तर सुमारे १,७०० लढणाऱ्यांत ७०० च्या आसपास भारतीय शिपाई होते. दरवाजा १३व्या नेटिव्ह इन्फन्ट्रीच्या शिपायांनी धरला होता. बाहेर त्यांच्याच पलटणींतले लोक, त्याच अवधच्या गावांतले. ते भिंतीपलीकडून यांना हाका मारत, 'या इकडे' म्हणत.

बाहेरच्यांसाठी १९५७ साली समोर गोमतीकाठी शहीद स्मारक झालं. इंग्रजांच्या कबरी आतच आहेत. २००७ मध्ये हॅवलॉकचा एक वंशज काही इंग्रजांसोबत इथे आला, तेव्हा इतकी निदर्शनं झाली की दौरा आवरता घ्यावा लागला. दीडशे वर्षांनंतर! आतल्या शिपायांसाठीही व्हाइसरॉय नॉर्थब्रुकने उभारलेला एक स्तंभ आहे. तिथे आजोबा-पणजोबांचं नाव घेऊन आलेला कुणी मला आजवर भेटला नाही.

ते गद्दार होते का? फौजेत आम्हाला 'नाम, नमक, निशान' शिकवलं. नमक कुणाचं, हे त्यांना कुणी विचारलं होतं? मला उत्तर जमत नाही. पण ते शिपाई गावी परतल्यावर घरात काय बोलले असतील, हे मात्र डोक्यातून जात नाही.

आपले वरसईचे विष्णुभट गोडसे झाशीच्या वेढ्यात सापडले होते. 'माझा प्रवास' त्यांनी सुमारे २५ वर्षांनी लिहिला, आणि तो छापला गेला त्यांच्या मृत्यूनंतर, १९०७ साली. त्यांना राजवटीची धास्ती होती. मला तर कुणाचीच नव्हती, तरी १९९९ च्या उन्हाळ्याबद्दल मी घरी अवाक्षर काढलं नाही.

परवा दिवाळीत गल्लीत पहिला सुतळी बॉम्ब वाजला. मुलगी तेव्हा चार वर्षांची होती, तिला त्या उन्हाळ्यातलं काही आठवत नाही. पण आवाज झाल्याबरोबर तिने खिडकीकडे नाही, माझ्याकडे बघितलं. आणि तिला बघून नातवानेही.