मुदत सरलेले सूर

हिरण्यकेशीच्या काठचे आजरा संस्थानी अमदानीत इचलकरंजीच्या घोरपडे जहागिरीचा महाल होते. आणि ज्या जहागिरीच्या खजिन्यात या महालाचा वसूल जमा होई, तिच्याच आश्रयाला ग्वाल्हेरची ख्यालगायकी महाराष्ट्रात रुजविणारे बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर होते. त्या काळी एखादी चीज पदरात पडावी म्हणून शिष्याला गुरुगृही वर्षानुवर्षे सेवाचाकरी करावी लागे, आणि पुढे तो स्वतः गवई झाला तरी गुरूचे नाव घेताना त्याचा हात आपसूक कानाच्या पाळीला जाई. विद्येचा विनियोग करण्यास अनुज्ञा लागे. ऋणाचा उच्चार मात्र आजन्म चाले.

१९०२ साली ग्रामोफोन कंपनीचा फ्रेड गायसबर्ग कलकत्त्यास आला आणि तीनेक मिनिटांच्या तबकडीत बसणारा सूर बाजारात विकला जाऊ लागला, तेव्हा या अनुज्ञेची जागा हळूहळू कायद्याने घेतली. १९५७ च्या स्वामित्वहक्क कायद्याने ध्वनिमुद्रणास दिलेली पन्नास वर्षांची मुदत १९९२ साली साठ झाली. ती प्रकाशनानंतरच्या वर्षारंभापासून मोजली जाते. म्हणूनच महाजालावरील संग्रहांतून जुना आलाप उचलून नव्या वाद्यमेळात गुंफणाऱ्या आजच्या संगीतकाराला पुष्कळ तबकड्या निर्वेध झाल्या आहेत.

तथापि एका तबकडीत शब्द, चाल आणि मुद्रण असे तीन हक्क नांदतात. १९१६ च्या ‘स्वयंवर’ नाटकातील पदांचे कर्ते खाडिलकर १९४८ साली, तर चाली देणारे भास्करबुवा बखले १९२२ सालीच निवर्तले. शब्द-चालींच्या बाबतीत कर्त्याच्या मृत्यूनंतरची आणि मुद्रणाच्या बाबतीत प्रकाशनानंतरची साठ वर्षे उलटल्यामुळे बालगंधर्वांनी गायलेल्या त्या पदांच्या जुन्या तबकड्या भारतात तिन्ही अंगांनी मोकळ्या आहेत. उलट १९५५ साली आकाशवाणीवरून सुरू झालेल्या ‘गीतरामायणा’चे शब्द माडगूळकरांच्या १९७७ मधील निधनामुळे २०३७ अखेरपर्यंत, आणि सुधीर फडक्यांच्या चाली २०६२ अखेरपर्यंत बद्धच राहणार. शिवाय अमेरिकेचा हिशेब निराळा असल्याने तेथील संग्रहात सापडलेली प्रत्येक तबकडी सर्वत्र मुक्त असतेच असे नाही.

कायदा अनुज्ञेची मुदत ठरवतो, ऋणाची नव्हे. ज्याचा कंठ आपल्या रचनेत वापरला त्या गायकाचे, पदकर्त्याचे आणि चाल बांधणाऱ्याचे नाव नोंदविणे हे नव्या संगीतकाराचे पहिले कर्तव्य आहे. कारण दरबारात बसून ऐकणाऱ्याला गवयाचे घराणे ठाऊक असे, महाजालावर ऐकणाऱ्याला ते कुणी सांगितल्याशिवाय कळणार नाही.