बर्लिनला पोहोचलेली माणदेशची गोष्ट : पटकथाकार गदिमा

१/ ‘दो आँखें बारह हाथ’ म्हटले की व्ही. शांताराम आठवतात. ती कथा मात्र गजानन दिगंबर माडगूळकरांची. ‘गीतरामायणा’चा कवी आपल्या परिचयाचा आहे; आज त्यांच्यातील पटकथाकाराविषयी.

२/ जन्म १ ऑक्टोबर १९१९, शेटफळे. बालपण माडगुळ्यात, शिक्षण औंधात. मॅट्रिक पदरी पडली नाही आणि घरी दारिद्र्य. म्हणून त्यांनी कोल्हापूरची चित्रनगरी गाठली. १९३८ च्या ‘ब्रह्मचारी’त एक किरकोळ भूमिका मिळाली. पुढे १९४२ च्या ‘पहिला पाळणा’ने त्यांना गीतकार म्हणून उभे केले.

३/ महायुद्धाच्या काळात कच्च्या फिल्मवर सरकारी नियंत्रण आले. युद्धानंतर जुन्या चित्रसंस्थांचे पगारी युग ओसरू लागले आणि चित्रपटागणिक काम घेणाऱ्या लेखकाचे दिवस आले. १९४७ च्या ‘लोकशाहीर राम जोशी’ने गदिमांना नाव दिले. राजा परांजपे आणि सुधीर फडके यांच्यासह १९५२ साली ‘लाखाची गोष्ट’ व ‘पेडगावचे शहाणे’ आले.

४/ या यशाला एका जळिताची किनार आहे. १९४८ साली गांधीहत्येनंतर ब्राह्मणांच्या घरांवर जमाव चालून गेले. त्यात माडगूळकरांचे माडगुळ्याचे घरही जळाले. त्यांचे धाकटे बंधू व्यंकटेश यांनी त्या दिवसांवर पुढे ‘वावटळ’ ही कादंबरी लिहिली.

५/ त्याच परिसरात, आटपाडीजवळ, आणखी एक इतिहास घडला होता. औंध संस्थानाने १९३९ च्या सुमारास ‘स्वतंत्रपूर’ ही कैद्यांची मुक्त वसाहत वसवली. कल्पना मूळच्या पोलंडच्या मॉरिस फ्रीडमन या अभियंत्याची; तिला राजे भवानराव पंतप्रतिनिधींचा पाठिंबा. तेथे ना तट होता, ना बेड्या. गंभीर गुन्ह्यांतले कैदी तेथे शेती करीत.

६/ गदिमांनी या प्रयोगातून कथा घडवली : सहा खुनी कैदी, एक जेलर आणि एक ओसाड माळ. १९५७ साली ‘दो आँखें बारह हाथ’ प्रदर्शित झाला. त्याला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक लाभले आणि १९५८ च्या बर्लिन महोत्सवात रौप्य अस्वल.

७/ आता दोन साले शेजारी ठेवून पाहा. १९४८ : आपल्याच मुलखातील माणसांनी घर जाळले. १९५७ : त्याच मुलखातील प्रयोगावरून, हाताला रक्त लागलेला माणूसही विश्वासाने पालटू शकतो, अशी कथा त्याच घरातील लेखकाने जगापुढे ठेवली. सूड उगवण्याजोगी लेखणी हाती असताना त्यांनी ती माणसावरील श्रद्धेसाठी झिजवली.

८/ १४ डिसेंबर १९७७ रोजी गदिमा गेले. पुढच्या वेळी हा चित्रपट पाहाल तेव्हा श्रेयनामावली घाईने पुढे ढकलू नका. त्या नावामागे आटपाडीचा माळ आहे आणि माडगुळ्याचे जळलेले घरही.