सोलिट्यूडच्या टेकडीवरची रोषणाई

आधी कपडे बदला. जीन्स-टीशर्टात श्टुटगार्टच्या वेशीवरच पहारेकरी अडवतील. गुडघ्यापर्यंत विजार, पांढरे पायमोजे, जरीकाठी कोट, कमरेला तलवार आणि डोक्यावर पावडर मारलेला केसांचा टोप, एवढं जमलं की परदेशी पाहुणा म्हणून खपून जाल. बोलायचं फ्रेंचमध्ये, दरबाराची रीत तीच आहे. तारीख 11 फेब्रुवारी 1763. व्युर्टेम्बर्गचे ड्यूक कार्ल ऑयगेन आज पस्तीस वर्षांचे झाले आहेत.

गर्दीबरोबर तुम्ही लुस्टहाउसमध्ये शिरता. सोळाव्या शतकातली ही रंजनाची इमारत ड्यूकसाहेबांनी आतून फोडून तिचं ऑपेरागृह केलंय. मेणबत्त्यांच्या झुंबरांनी फेब्रुवारीतही घाम फुटतो. मेण, अत्तर आणि कधीच न धुतलेलं रेशीम यांचा मिळून एक वास येतो, त्याची दहा मिनिटांत सवय होते. रंगमंचावर योमेल्लीचा ऑपेरा ‘दिदोने’. नेपल्सकडचा हा संगीतकार आठ-नऊ वर्षांपासून इथे नोकरीला आहे. ऑपेराच्या अंकांच्या मध्ये नोव्हेरचं नृत्यनाट्य ‘मेदिया आणि जेसन’, आणि त्याचा हा पहिलाच प्रयोग. नाचाने नुसती पावलं दाखवू नयेत, गोष्ट सांगावी, नर्तकाच्या तोंडावरचा मुखवटा काढून टाकावा, असं नोव्हेरने 1760 मध्ये पुस्तक लिहून मांडलं. ते पुस्तक ल्यों आणि श्टुटगार्टचं नाव घेऊनच बाहेर पडलं. आता तो ते करून दाखवतोय. पोटच्या पोरांना मारायला निघालेल्या मेदियाचा उघडा चेहरा तुमच्यापासून वीस पावलांवर आहे.

टाळी मात्र वाजवू नका. तीन वर्षांपूर्वी कासानोव्हाने याच दरबारात एका गायकाला न राहवून दाद दिली, तेव्हा लगेच कोणीतरी येऊन बजावलं की ड्यूक हजर असताना त्यांच्या आधी टाळी वाजवायची नसते. हाच कासानोव्हा, जो युरोपभरचे दरबार हिंडलेला, या दरबाराला युरोपातला सर्वांत झगमगता म्हणून गेला. आणि इथल्या लष्करी अधिकाऱ्यांशी जुगारात गुंतून, नजरकैदेतून रातोरात पळूनही गेला.

कार्ल ऑयगेन यांच्याबाबतीत खरी पंचाईत इथेच होते. या माणसाला कळतं. योमेल्ली, नोव्हेर, पॅरिसहून नाचायला बोलावलेला व्हेस्ट्रिस: निवड अचूक आहे. अभिरुचीशून्य उधळ्याला नावं ठेवणं सोपं असतं. इथे तुम्ही तोंडात बोट घालून बसता आणि पैसे कुणाचे हे विचारायचं राहून जातं.

म्हणून बाहेर या. पाचेक लाख वस्तीचं हे संस्थान. द्राक्षमळे, शेती, लुथरपंथी चर्च; ड्यूक एकटा कॅथलिक. 1514 च्या ट्युबिंगेन कराराने इथल्या प्रजेला एक हक्क मिळालेला आहे: प्रतिनिधींच्या सभेला, म्हणजे लांडशाफ्टला विचारल्याशिवाय ड्यूकने नवा कर बसवायचा नाही. जर्मनीत असा हक्क फार कमी ठिकाणी उरलाय. त्यामुळे ड्यूकसाहेबांच्या प्रत्येक कारंज्याच्या आड लांडशाफ्टचा एखादा कारकून वही घेऊन उभा असतो, आणि त्याच गोष्टीचा त्यांना संताप आहे.

त्यांनी काढलेला मार्ग सैनिकांचा. फ्रान्सकडून पैसा घ्यायचा आणि बदल्यात सहा हजार शिपाई पुरवायचे असा करार होता. 1757 मध्ये ती वेळ आली, तेव्हा शिपाई नव्हतेच. मग रीगर नावाच्या अधिकाऱ्याने ते ‘गोळा’ केले. शेतातून, बिछान्यातून, रविवारी चर्चच्या दारातून तरुण उचलले. त्या पोरांनी श्टुटगार्टमध्येच बंड केलं. ते मोडलं, उरलेल्यांना प्रशियाशी लढायला धाडलं, आणि डिसेंबरात लॉयथेनच्या रणांगणावर त्यांची दाणादाण उडाली. प्रशियाचा फ्रेडरिक म्हणजे ज्याच्या दरबारात कार्ल ऑयगेन पोरवयात शिकले तो, आणि त्यांच्या बायकोचा सख्खा मामा. ती बायको 1756 मध्येच कंटाळून माहेरी निघून गेली होती. तिची जवळची गायिका मारियाने पिर्कर मात्र होहेनआस्पेर्गच्या किल्ल्यात गेली, आणि खटल्याशिवाय आठ वर्षं कैदेत राहिली.

लांडशाफ्टचा कायदेपंडित योहान याकोब मोझर यालाही 1759 मध्ये उचलून होहेनट्वीलच्या डोंगरी किल्ल्यात टाकलं. वय 58, खटला नाही, कागद नाही, शाई नाही. दिव्याची वात कातरायच्या कात्रीने तो भिंतीवर भजनं कोरत बसला. तुम्ही ऑपेरा बघताय त्या संध्याकाळीही तो आतच आहे. सुटायला अजून दीड वर्ष आहे.

चला, टेकडीवर जाऊ. श्टुटगार्टच्या पश्चिमेला जंगलाच्या कडेला 1763 च्या शेवटी काम सुरू होतं आणि 1769 पर्यंत चालतं. सोलिट्यूड. दुरून महाल अगदी हलका दिसतो. खाली कमानींचा चौथरा, त्यावर एकच मुख्य मजला, मधोमध घुमट, आणि अंगणातून दोन्ही बाजूंनी वळत वर चढणारे दगडी जिने. आत लंबवर्तुळाकार पांढरा दिवाणखाना. वर गिबालने रंगवलेल्या छतात ड्यूकसाहेबांच्या शांततामय राज्यकारभाराचं कौतुक. खाली मान करून बघा, फरशीवर एक ओरखडा नाही. इथे कोणी राहत नाही. राहायचे ड्यूकसाहेब मागच्या एका साध्या इमारतीत. हा महाल फक्त दाखवायचा. ला गेपिएर हा फ्रेंच वास्तुकार, पण नकाशात खुद्द ड्यूकसाहेबांचाही हात असायचा.

गच्चीवर उभं राहून उत्तरेकडे बघा. जंगल, शेतं, गावं कापत एक रस्ता थेट लुडविग्सबुर्गच्या महालापर्यंत गेलाय. तेरा किलोमीटर, एकही वळण नाही. ओढा आला तरी नाही, कोणाचं शेत आलं तरी नाही. श्टुटगार्टच्या लोकांशी करावरून वाजल्यावर ड्यूकसाहेबांनी 1764 मध्ये राजधानीच उचलून लुडविग्सबुर्गला नेली. त्या दोन घरांना जोडायला ही रेघ. (1820 मध्ये राज्याची मोजणी करणाऱ्यांना पायारेषा हवी होती, तेव्हा त्यांनी हाच सरळ रस्ता घेतला. उधळपट्टीतून भूमापनाला झालेली मदत एवढीच.)

रस्त्यावर माणसं दिसतायत ना, ती वेठीची. गाडी-बैल स्वतःचे, भाकरी स्वतःची. रानडुकरं आणि हरणं पीक खातात, पण शेतकऱ्याने त्यांना हात लावायचा नाही, शिकार ड्यूकची. शिकारीच्या दिवशी हाकारे घालायला पुन्हा तोच शेतकरी. लांडशाफ्टने अखेर प्रशिया, डेन्मार्क आणि हॅनोव्हरच्या नात्याने इंग्लंड यांना मध्ये घातलं, पवित्र रोमन साम्राज्याच्या बादशहाच्या दरबारात दावा लावला, आणि 1770 मध्ये ड्यूकसाहेबांना तडजोडीवर सही करावी लागली. योमेल्ली, नोव्हेर दोघेही तोवर निघून गेले होते.

ऑपेरा परवडेनासा झाल्यावर ड्यूकसाहेबांनी शाळा काढली. 1770 मध्ये इथेच, सोलिट्यूडवर, शिपायांच्या अनाथ मुलांसाठी. तीन वर्षांत तिची लष्करी अकादमी झाली. कोणी 1773 च्या जानेवारीत दाखल झालेल्या एका तेरा वर्षांच्या पोराकडे बोट दाखवलं तर ओळखाल: उंच, लालसर केस, निळा गणवेश, पाठीवर वेणी. फ्रीडरिश शिलर, पुढचा कवी-नाटककार. बापाला, योहान कास्पारला, मुलगा पाद्री व्हावा असं वाटत होतं. ड्यूकनी पुन्हा पुन्हा मागणी केली, आणि लष्करातल्या माणसाने मालकाला किती वेळा नाही म्हणायचं? मुलगा ड्यूकच्या सेवेला वाहिला, असं बापाकडून लिहूनही घेतलं. सुट्ट्या नाहीत. सरदारपुत्रांनी ड्यूकच्या हाताचं चुंबन घ्यायचं, बाकीच्यांनी कोटाच्या टोकाचं. शिक्षक उत्तम, तत्त्वज्ञान, वैद्यक सगळं शिकवतात. सगळं बारकाईने स्वतः ड्यूक तपासतात. त्यांची सोबतीण फ्रान्सिस्का फोन होहेनहाइमही बरोबर असते. ड्यूकसाहेबांना पोरं आवडतात यात शंका नाही. ऑपेरातले गायक आवडायचे तशीच.

आता उडी मारा 22 सप्टेंबर 1782 वर. रशियाचा युवराज पॉल बायकोला घेऊन आलाय. ती ड्यूकसाहेबांची पुतणी. पाहुण्यांसाठी तिजोरी पुन्हा उघडली आहे. अख्ख्या संस्थानातून सहा हजारांच्या आसपास हरणं हाकून सोलिट्यूडजवळच्या जंगलात कोंडली आहेत. ती पळू नयेत म्हणून शेतकरी रात्रंदिवस पहाऱ्यावर आहेत. बेत असा, की त्यांना एका चढावरून तळ्यात उड्या मारायला लावायच्या आणि पाहुण्यांनी मंडपात बसून गोळ्या घालायच्या. आज रात्री टेकडीवर रोषणाई आहे.

तुम्ही मात्र रोषणाईला जाऊ नका. श्टुटगार्टच्या एसलिंगेन वेशीपाशी अंधारात थांबा. रात्रीचे दहा वाजलेत. एक घोडागाडी येते: दोन पेट्या, एक लहानसा पियानो, दोन तरुण. पहारेकरी विचारतो, कोण? डॉक्टर रिटर आणि डॉक्टर वोल्फ. पहिला शिलर आहे. वय 22, लष्करात वैद्य, पगार महिना 18 गुल्डेन. जानेवारीत मानहाइमला, म्हणजे ड्यूकच्या हद्दीबाहेर, त्याचं ‘लुटारू’ नाटक लागलं आणि प्रेक्षागृह पेटलं. तो रजा न काढता नाटक बघून आला म्हणून पंधरवडाभर अटक, आणि वैद्यकाखेरीज काहीही लिहायचं नाही असा हुकूम. दुसरा त्याचा मित्र आंद्रेआस श्ट्रायखर, वादक. हाम्बुर्गला संगीत शिकायला ठेवलेले पैसे तो या पळण्यात घालतोय. गाडीत दोन जुनी पिस्तुलं आहेत, त्यातलं एकही उडणारं नाही. निघायला उशीर का झाला म्हणाल, तर सकाळी सामान बांधताना शिलरच्या हाती क्लॉपश्टॉकच्या कविता लागल्या, त्या वाचता वाचता त्याला स्वतःची सुचली, ती त्याने लिहून काढली, आणि मित्राला बसवून दोन्ही ऐकवल्या. कवीबरोबर पळून जाण्यातला धोका हा असा.

वेशीवर आज ओळखीचा अधिकारी आहे. गाडी सुटते. तुम्हीही मागच्या फळीवर बसा. मध्यरात्रीच्या सुमारास डावीकडचं आभाळ उजळतं. टेकडीवर महाल असा पेटलाय की दुरूनही एकेक इमारत ओळखू यावी. श्ट्रायखरने हे सगळं पुढे लिहून ठेवलं. शिलर बोटाने दाखवतो, ते तिथे माझे आई-बाप राहतात. बाप आता सोलिट्यूडच्या बागा आणि रोपवाटिका सांभाळतो. आईला आणि बहिणीला बेत ठाऊक आहे. बापाला मुद्दाम सांगितलेला नाही, कारण उद्या ड्यूकने विचारलं तर त्याला शपथेवर ‘मला माहीत नव्हतं’ म्हणता आलं पाहिजे.

ड्यूकसाहेबांनी बापाला काही केलं नाही, हे त्यांच्या बाजूने नोंदवायला हवं. त्यांच्या खात्यावर आणखीही जमा आहे. 1765 मध्ये त्यांनी सुरू केलेलं सार्वजनिक ग्रंथालय आज राज्याचं ग्रंथालय आहे. जुनी बायबलं विकत घ्यायला ते स्वतः कोपनहेगनपर्यंत गेले. पन्नासाव्या वाढदिवसाला, 1778 मध्ये, त्यांनी सगळ्या चर्चमधून एक जाहीरनामा वाचून घेतला: माझ्या हातून चुका झाल्या, यापुढे प्रजेच्या सुखासाठी झटेन. त्या दिवशी कवी आणि पत्रकार शूबार्ट होहेनआस्पेर्गच्या किल्ल्यात कैदेत होता. ड्यूक, त्यांची सोबतीण आणि त्यांची शाळा यांची त्याने टिंगल केली होती. तो राहायचा उल्मला, परक्या हद्दीत. 1777 च्या जानेवारीत फसवून त्याला ब्लाउबॉयरेनला आणलं आणि पकडलं. कैदी किल्ल्यात पोचला तेव्हा ड्यूक आणि फ्रान्सिस्का बघायला हजर होते. किल्लेदार कोण, तर तोच रीगर, जो मधल्या काळात स्वतः ड्यूकच्या मर्जीतून उतरून तुरुंगात कुजून आला होता. पहिले 377 दिवस एकांतवास, एकूण दहा वर्षं.

शूबार्ट 1787 मध्ये सुटला. त्याच वर्षी ड्यूकसाहेबांनी एक अख्खी पलटण, दोन हजारांच्या आसपास माणसं, डच ईस्ट इंडिया कंपनीला विकली. ती आधी आफ्रिकेच्या टोकाला, केपला गेली, मग जावा आणि सिलोनला. परत आले ते अगदी थोडे.

जाहीरनाम्यानंतर ड्यूकसाहेब सुधारले असं लिहिणारे इतिहासकार आहेत. मला ते पटत नाही. खर्च कमी झाला, पण माणूस ही आपली मालमत्ता आहे ही समजूत 24 ऑक्टोबर 1793 ला होहेनहाइममध्ये डोळे मिटेपर्यंत तशीच होती.

श्टुटगार्टला जाणं झालं तर सोलिट्यूड चुकवू नका. महाल सुंदर आहे, आणि 1990 पासून शेजारच्या इमारतींत जगभरचे कलावंत येऊन राहतात, काम करतात. पण लुडविग्सबुर्गजवळ आस्पेर्गला उतरून किल्ल्यावरही जा. तिथल्या संग्रहालयात शूबार्ट भेटेल. आणि जमलं तर आधी किल्ला बघा, महाल नंतर.