एक फिल्म, चौदा वर्षं

डॉक्युमेंटरी म्हटलं की आपल्यापैकी बहुतेकांना जांभई येते. पण आनंद पटवर्धन यांची कारकीर्द नुसती सनावळीने वाचली तरी झोप उडते.

जन्म १९५० चा, मुंबईचा. १९७४ मध्ये बिहारात जयप्रकाशांचं आंदोलन पेटलं तेव्हा यांच्याकडे पैसे नव्हते. सुपर-८ कॅमेरा मागून आणायचा, चित्रित केलेलं पडद्यावर दाखवायचं आणि ते पुन्हा १६ मिमीवर टिपायचं, असा सगळा जुगाड. त्यातून 'क्रांती की तरंगें' तयार झाली, तोवर आणीबाणी आली. मग फिल्मचे तुकडे करून ते गुपचूप देशाबाहेर पाठवले!

पुढेही तोच खाक्या. दिग्दर्शन, संकलन आणि बराचसा कॅमेरा स्वतःचाच. "हे काढा" म्हणणारा निर्माता नाही. सेन्सॉर मात्र होताच. 'जंग और अमन' (२००२) मध्ये २१ कट सांगितले गेले. पटवर्धन कोर्टात गेले आणि २००३ मध्ये मुंबई हायकोर्टाने एकही कट न करता परवानगी दिली.

पण मला विचाराल तर स्वतंत्र असण्याचा सगळ्यात मोठा फायदा म्हणजे वेळ. कसा ते बघा.

१९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये मुंबईतल्या झोपड्या पाडल्या जाताना दिसतात. त्यात विलास घोगरे नावाचे शाहीर गातात. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात १० जण गेले. चार दिवसांनी घोगरेंनी आत्महत्या केली. 'जय भीम कॉम्रेड' तिथून सुरू होते आणि पूर्ण होते थेट २०११ मध्ये. १४ वर्षं! आपल्याकडे प्रोजेक्ट एक क्वार्टर लांबला तर मॅनेजरचा बीपी वाढतो.

इतकी वर्षं थांबल्यामुळेच कोर्टाचं रखडणं दिसतं, पुढाऱ्यांचं बदलणं दिसतं आणि घोगरेंनंतर डफ हातात घेणारी नवी पोरंही दिसतात. बातमीदार दुसऱ्या दिवशी निघून जातो. हा माणूस तिथेच राहिला. २०१२ च्या जानेवारीत ही फिल्म भायखळ्याच्या बीआयटी चाळीत वस्तीतल्या लोकांसमोर दाखवली गेली.

असो. तीन तासांची आहे. एक रविवार काढाच.