मोजणीबाहेरची घरे : अमेरिकेतील समलिंगी पालक, त्यांची गणना आणि त्यांची मिळकत

अमेरिकेत दर दहा वर्षांनी होणारी जनगणना १७९० साली सुरू झाली. परंतु दोन स्त्रियांनी किंवा दोन पुरुषांनी मिळून मांडलेला संसार तिच्या तक्त्यांत ओळखू येण्यासाठी १९९० साल उजाडावे लागले. त्या वर्षीच्या प्रपत्रात कुटुंबप्रमुखाशी असलेले नाते सांगण्यासाठी ‘अविवाहित जोडीदार’ हा नवा पर्याय घालण्यात आला. लग्नाविना एकत्र राहणाऱ्या स्त्री-पुरुषांची वाढती संख्या टिपणे हा त्यामागचा मुख्य हेतू होता. मात्र प्रत्येक व्यक्तीचे लिंगही प्रपत्रात नोंदलेले असल्यामुळे समलिंगी जोडपी त्यातून ओघानेच हाती लागली आणि ती सुमारे १ लाख ४५ हजार भरली. प्रत्यक्षातील संख्या याहून बरीच मोठी असणार, कारण अनेक राज्यांत समलिंगी संबंध हा तेव्हा फौजदारी गुन्हा होता आणि असे नाते सरकारी कागदावर लिहून देण्यास धैर्य लागत असे. ज्यांनी त्याहीपुढे जाऊन जोडीदाराला ‘पती’ किंवा ‘पत्नी’ म्हटले, त्यांच्यापैकी बहुतेकांच्या नोंदीत जनगणना विभागाने दोघांपैकी एकाचे लिंगच बदलले आणि ते जोडपे स्त्री-पुरुष विवाहितांत जमा केले. कायद्यात असा विवाह नाही, तेव्हा नोंदच चुकली असणार, असा तो तर्क होता. शासनाच्या हिशेबात जे कुटुंब असूच शकत नाही, त्याच्या दारिद्र्याचा किंवा सुस्थितीचा प्रश्नही उद्भवत नाही, आणि म्हणूनच या कुटुंबांच्या आर्थिक स्थितीचा इतिहास त्यांच्या मोजणीच्या इतिहासापासून वेगळा काढता येत नाही.

मोजणी नव्हती म्हणून कुटुंबे नव्हती, असे अर्थातच नाही. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या चरणापर्यंत अशा घरांतील बहुसंख्य मुले आधीच्या स्त्री-पुरुष विवाहांतून आलेली होती. आई किंवा वडील घटस्फोटानंतर आपल्या समलिंगी जोडीदारासह राहू लागत आणि मुले त्यांच्याबरोबर येत. या काळातील मुख्य लढाई मुलांच्या ताब्याची, म्हणजे घटस्फोटानंतर मूल कोणाकडे राहावे याची होती. ‘मुलाचे हित’ हे तत्त्व न्यायालये वापरत, पण आईचे स्त्रीवर प्रेम असणे हेच मुलाच्या अहिताचा पुरावा मानले जाई. या लढ्यात मदत करण्यासाठी सिअॅटल येथे १९७४ साली समलिंगी मातांचा राष्ट्रीय बचाव निधी स्थापन झाला. ताब्याच्या प्रश्नाची एक आर्थिक बाजू होती आणि ती पुष्कळदा दुर्लक्षिली जाते. नवऱ्याने न्यायालयात हा विषय काढू नये यासाठी अनेक स्त्रियांनी पोटगीवरचा, मुलाच्या खर्चावरचा आणि घरातल्या हिश्श्यावरचा हक्क मुकाट्याने सोडून दिला, त्यामुळे मूल पदरात पडले तरी संसाराचा आरंभच तुटीत झाला. ही भीती निराधार नव्हती. १९९५ सालीदेखील व्हर्जिनियाच्या सर्वोच्च न्यायालयाने एका मुलाचा ताबा आईकडून काढून आजीकडे ठेवण्याचा निर्णय कायम केला.

ऐंशीच्या दशकात चित्र बदलू लागले. कॅलिफोर्नियातील ओकलंड येथे १९८२ साली सुरू झालेल्या वीर्यपेढीने अविवाहित आणि समलिंगी स्त्रियांना सेवा नाकारली नाही, आणि त्यामुळे दोन स्त्रियांनी ठरवून मूल जन्माला घालणे शक्य झाले. तथापि कायद्याच्या दृष्टीने जन्म देणारी स्त्री तेवढीच आई होती; दुसरी, जी रात्री उठून मुलाला पाजत होती आणि पगारातून घरभाडे भरत होती, ती परकी ठरत होती. यावर ‘दुसऱ्या पालकाचे दत्तक’ हा उपाय वकिलांनी शोधला. पहिल्या पालकाचा हक्क न संपवता जोडीदाराने त्याच मुलाला दत्तक घ्यायचे, अशी ही योजना होती. अलास्कात १९८५च्या सुमारास तिला प्रथम मान्यता मिळाली आणि १९९३ साली व्हरमाँट व मॅसॅच्युसेट्स या राज्यांच्या सर्वोच्च न्यायालयांनी ती उचलून धरली. याच्या अगदी उलट टोकाला फ्लोरिडा होते, जेथे १९७७ साली समलिंगी व्यक्तींना दत्तक घेण्यास बंदी करणारा कायदा झाला आणि तो २०१० पर्यंत टिकला. गंमत अशी की अनाथ व निराधार मुलांचा तात्पुरता सांभाळ करणारे प्रतिपालक म्हणून त्याच राज्याला समलिंगी व्यक्ती चालत होत्या. मूल वर्षानुवर्षे सांभाळावे, परंतु ते आपले म्हणू नये, असा हा व्यवहार होता.

या कुटुंबांविषयी जनमानसात रुजलेली प्रतिमा मात्र ओढगस्तीची नव्हती, ती चैनीची होती. तिचा उगम बाजारात आहे. १९८०च्या दशकाच्या अखेरीस समलिंगी वाचकांसाठी निघणाऱ्या वृत्तपत्रांनी जाहिराती मिळवण्यासाठी आपल्या वाचकवर्गाच्या पाहण्या करून घेतल्या, आणि महानगरांत राहणारे, उच्चशिक्षित, बहुतांशी गोरे व अपत्यहीन पुरुष हेच अशा पत्रांचे ग्राहक असल्याने सरासरी उत्पन्न डोळे दिपवणारे निघाले. विकत घेणाऱ्यांची मिळकत सगळ्यांची मिळकत म्हणून खपली. या प्रतिमेचे पडसाद थेट सर्वोच्च न्यायालयात उमटले; समलिंगी व्यक्तींना भेदभावापासून संरक्षण देण्यास मनाई करणाऱ्या कोलोरॅडो राज्याच्या घटनादुरुस्तीसंबंधी १९९६च्या ‘रोमर विरुद्ध इव्हान्स’ या खटल्यातील भिन्न मतपत्रात न्यायमूर्ती अँटोनिन स्कॅलिया यांनी समलिंगी लोकांपाशी खर्चायला पैसा अधिक असतो हे गृहीत धरून त्यांना संरक्षणाची गरज नसल्याचे सूचित केले. अर्थतज्ज्ञ ली बॅजेट यांनी याआधीच, १९९५ साली, यादृच्छिक नमुन्यावर आधारलेल्या राष्ट्रीय पाहणीतील आकडे तपासले होते. शिक्षण, अनुभव आणि व्यवसाय सारखे असता समलिंगी व उभयलिंगी पुरुष इतर पुरुषांपेक्षा ११ ते २७ टक्के कमी कमावतात, असा त्यांचा निष्कर्ष होता. परंतु जाहिरातदारांच्या आकड्याला जी प्रसिद्धी लाभली ती या निष्कर्षाच्या वाट्याला आली नाही.

२००० सालच्या जनगणनेने हा वाद नव्या पातळीवर नेला. या वेळी विभागाने ‘पती’ किंवा ‘पत्नी’ लिहिणाऱ्या समलिंगी जोडप्यांचे लिंग न बदलता त्यांना ‘अविवाहित जोडीदार’ या सदरात टाकले, आणि एकूण संख्या ५ लाख ९४ हजारांवर गेली. देशातील काउंट्या, म्हणजे आपल्याकडील जिल्ह्याशी ढोबळपणे जुळणारे घटक, त्यांपैकी ९९ टक्क्यांहून अधिक काउंट्यांत अशी जोडपी सापडली. सॅन फ्रान्सिस्को व न्यूयॉर्क यांच्यापुरता हा विषय मर्यादित आहे ही समजूत तेथेच संपली. स्त्रियांच्या जोडप्यांपैकी सुमारे एकतृतीयांश आणि पुरुषांच्या जोडप्यांपैकी एकपंचमांशाहून थोडे अधिक जोडप्यांच्या घरी अठरा वर्षांखालील मुले होती. याच जनगणनेवर बॅजेट, रँडी अल्बेल्डा, अॅलिसा श्नीबाउम आणि लोकसंख्याशास्त्रज्ञ गॅरी गेट्स यांनी २००९ साली जो दारिद्र्याचा अभ्यास प्रसिद्ध केला, त्यातील आकडे चैनीच्या प्रतिमेला सरळ छेद देणारे होते : विवाहित स्त्री-पुरुषांच्या घरातील ९.४ टक्के मुले दारिद्र्यरेषेखाली होती, तर स्त्री-जोडप्यांच्या घरातील १९.७ टक्के आणि पुरुष-जोडप्यांच्या घरातील २०.९ टक्के.

मुले असलेली समलिंगी जोडपी कोठे राहतात हे पाहिले की या आकड्यांचा उलगडा होतो. लॉस एंजेलिसच्या कॅलिफोर्निया विद्यापीठातील विल्यम्स संस्थेसाठी गेट्स यांनी २०१३ साली केलेल्या मांडणीनुसार समलिंगी जोडप्यांपैकी मुले वाढवणाऱ्यांचे प्रमाण सर्वाधिक होते ते मिसिसिपीत, २६ टक्के. त्यामागोमाग वायोमिंग, अलास्का, आयडाहो आणि मोंटाना ही राज्ये होती, आणि मोठ्या महानगरांत पहिला क्रमांक मॉर्मन पंथाचे केंद्र असलेल्या सॉल्ट लेक सिटीचा होता. ज्या प्रदेशात लग्ने लवकर होतात, मुले लवकर होतात आणि आपला लैंगिक कल उघड करण्यास उशीर लागतो, तेथे समलिंगी व्यक्तींना आधीच्या विवाहातून मुले असण्याचा संभव अधिक. यांतील काही प्रदेश वेतनाच्या बाबतीतही मागे. शिवाय मुले असलेल्या जोडप्यांत कृष्णवर्णीय व लॅटिन अमेरिकी वंशाच्या लोकांचे प्रमाण अधिक होते, आणि वर्णभेदाचा आर्थिक भार त्यांच्यावर आधीपासूनच होता. गेट्स यांच्या हिशेबात मुले असलेल्या समलिंगी जोडप्यांचे मध्यक उत्पन्न, म्हणजे निम्मी घरे ज्याच्या वर व निम्मी खाली असतात ते उत्पन्न, वर्षाला ६३,९०० डॉलर भरले, तर तशाच स्त्री-पुरुष जोडप्यांचे ७४,००० डॉलर.

दारिद्र्याचे सर्व खापर भूगोलावर फोडता येत नाही. कायद्याचा वाटा मोठा होता. केंद्रीय पातळीवर विवाहाची व्याख्या स्त्री-पुरुषांपुरती मर्यादित करणारा कायदा १९९६ साली झाला, आणि पुढल्याच वर्षी संसदेच्या लेखापरीक्षण कार्यालयाने वैवाहिक स्थितीवर अवलंबून असलेल्या केंद्रीय तरतुदी मोजल्या तेव्हा त्या १,०४९ निघाल्या. जोडीदाराच्या आरोग्यविम्यासाठी मालकाने भरलेली रक्कम विवाहितांच्या बाबतीत करमुक्त होती, समलिंगी जोडप्यांच्या बाबतीत मात्र ती मिळकत धरून तिच्यावर कर बसे. बॅजेट यांच्या २००७च्या अंदाजाप्रमाणे हा जादा बोजा वर्षाला सरासरी १,०६९ डॉलर होता. याहून कठीण गोष्ट अशी की कायद्याने परका ठरलेला पालक वारला, तर त्याने आयुष्यभर सामाजिक सुरक्षा निधीत भरलेल्या पैशांतून मुलाला निर्वाहवेतन मिळण्याची हमी नसे. आणि जोडपे विभक्त झाले, तर मुलाचा खर्च त्या पालकाकडून वसूल करण्याचा आधारही पुष्कळ राज्यांत नसे. दुसऱ्या पालकाच्या दत्तकाची सोय होती तेथेही वकिलाचे शुल्क आणि समाजसेवकाने घरी येऊन करायची तपासणी यांचा खर्च होताच, म्हणून ही सोय ज्यांना परवडत होती त्यांच्यापुरतीच खरी होती.

हे सर्व प्रश्न एकत्र येऊन ज्या खटल्यात उभे राहिले तो मिशिगनमधील होता. व्यवसायाने परिचारिका असलेल्या दोन स्त्रिया निराधार मुलांच्या प्रतिपालक झाल्या आणि त्यांनी ती मुले दत्तकही घेतली. परंतु राज्याच्या कायद्यानुसार अविवाहितांना संयुक्त दत्तक घेता येत नसल्याने काही मुले एकीच्या नावावर, काही दुसरीच्या नावावर राहिली. दोघींपैकी एकीचा अपघाती मृत्यू झाला तर तिच्या मुलांवर दुसरीचा हक्क राहणार नव्हता. २०१२ साली त्यांनी केवळ दत्तक कायद्याला आव्हान दिले होते; न्यायाधीश बर्नार्ड फ्रीडमन यांनी सुचवल्यावरून दावा विवाहबंदीपर्यंत वाढवण्यात आला. २०१४च्या सुनावणीत लोकसंख्याशास्त्र अक्षरशः साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे होते. गेट्स यांनी कुटुंबांची संख्या व स्थिती मांडली, तर स्टॅनफर्डचे समाजशास्त्रज्ञ मायकेल रोझेनफेल्ड यांनी २००० सालच्या जनगणनेवरील आपले संशोधन सादर केले. मुले शाळेत वेळेवर पुढच्या इयत्तेत जातात की नाही हे त्यांनी तपासले होते आणि विवाहित स्त्री-पुरुषांच्या मुलांची जी थोडी आघाडी दिसते ती बहुतांशी पालकांच्या उत्पन्न व शिक्षणामुळे असते, असे दाखवले होते. विरुद्ध बाजूच्या मार्क रेग्नेरस यांचा २०१२चा अभ्यास न्यायाधीशांनी अविश्वसनीय ठरवला, आणि ते योग्यच होते, कारण ज्यांच्या आई-वडिलांपैकी एकाचे कधीतरी समलिंगी संबंध आले होते अशा व्यक्तींचा, म्हणजे बव्हंशी मोडलेल्या घरांतील मुलांचा, तो अभ्यास होता. हा खटला पुढे सर्वोच्च न्यायालयातील ‘ओबर्गफेल’ खटल्यात समाविष्ट झाला आणि २६ जून २०१५ रोजी समलिंगी विवाहाचा हक्क देशभर मान्य झाला.

मूल मिळवण्याच्या खर्चाने या कुटुंबांत आणखी एक उभी फूट पाडली आहे. अमेरिकेत सरोगसीचा, म्हणजे दुसऱ्या स्त्रीने मोबदला घेऊन गर्भ वाढवण्याचा, खर्च लाख डॉलरच्या पुढे सहज जातो, याउलट सरकारी प्रतिपालन व्यवस्थेतून दत्तक घेण्यास जवळजवळ खर्च येत नाही आणि वर अनुदान मिळते. या बाजाराची एक वाट काही काळ मुंबईवरून जात होती. खर्च कित्येक पटींनी कमी म्हणून इस्रायल, अमेरिका आदी देशांतील पुरुष-जोडपी येथील रुग्णालयांत येत, परंतु जुलै २०१२ मध्ये भारताच्या गृह मंत्रालयाने सरोगसीसाठीचा व्हिसा किमान दोन वर्षे विवाहित असलेल्या स्त्री-पुरुषांपुरता ठेवला आणि ती वाट बंद झाली.

दरम्यान मोजणीतील गोंधळ संपला नव्हता. २०१० साली विभागाने प्रथम सुमारे ९ लाख २ हजार समलिंगी जोडपी जाहीर केली आणि नंतर पहिल्या नावांवरून लिंग पडताळून ती ६ लाख ४६ हजारांवर आणली. साडेपाच कोटींहून अधिक विवाहित स्त्री-पुरुष जोडप्यांपैकी अगदी थोड्यांनी चुकून लिंगाचा चौकोन उलटा भरला, तरी त्या चुका लहान गटाला गिळून टाकतात, हा त्यातला सांख्यिकीय धडा होता. २०२०च्या जनगणनेत समलिंगी पती-पत्नी आणि समलिंगी अविवाहित जोडीदार असे स्वतंत्र पर्याय आल्यावर ही अडचण बरीच कमी झाली. २०१९च्या सरकारी पाहणीत समलिंगी जोडप्यांपैकी १४.७ टक्के जोडप्यांच्या घरी मुले होती, त्यातही स्त्री-जोडप्यांत २२.५ टक्के आणि पुरुष-जोडप्यांत अवघे ६.६ टक्के. विवाहित समलिंगी जोडप्यांचे मध्यक उत्पन्न १ लाख ७ हजार डॉलर, म्हणजे स्त्री-पुरुष विवाहितांपेक्षा अधिक निघाले. पण हे उत्पन्न फोडून पाहिले तर पुरुष-जोडप्यांचे सुमारे १ लाख २४ हजार आणि स्त्री-जोडप्यांचे सुमारे ८८ हजार होते. दोन पुरुषांचे पगार आणि दोन स्त्रियांचे पगार यांतील फरक तो हाच, आणि मुले मात्र मुख्यतः स्त्रियांच्या घरी आहेत.

जनगणना अजूनही व्यक्तीला तिचा लैंगिक कल विचारत नाही, तिला फक्त एका छपराखाली राहणारे जोडपे दिसते. एकट्याने मूल वाढवणारे समलिंगी व उभयलिंगी पालक त्यामुळे तिच्या तक्त्यांत येत नाहीत. आणि गेट्स यांच्या २०१३च्या अहवालानुसार दारिद्र्यरेषेच्या आसपास जगण्याची शक्यता इतर एकट्या पालकांच्या तिप्पट असलेला गट तोच आहे.